अणशी घाटात वायपर थांबले तर

‘इंजिन व्यवस्थित चालू आहे, दिवे लागतात, हॉर्न वाजतो, मग वायपरच कसे बंद पडले?’ गाडी चालवणारा माणूस हा प्रश्न कधी ना कधी विचारतोच. वायपरच्या जागी कधी हॉर्न असतो, कधी मागचे दिवे, कधी मोबाइल चार्ज करायचे सॉकेट. पुण्यात किंवा बेळगावात हा नुसता वैताग असतो, कारण दोन चौक ओलांडले की एखादा ऑटो इलेक्ट्रिशियन सापडतो. उत्तर कन्नड जिल्ह्यातल्या जोयडा तालुक्यात तसे होत नाही. कारवारहून कद्र्यावरून येणारा रस्ता अणशी घाट चढून जोयड्याकडे जातो, तो बराचसा काळी व्याघ्र प्रकल्पाच्या जंगलातून. तालुका मोठा आणि वस्ती विरळ. २०११ च्या जनगणनेत इथली लोकसंख्या पन्नास हजारांच्या आसपास होती. मोबाइलची रेंज मध्येच नाहीशी होते. जुलैतल्या पावसात, धुक्यात, अशा जागी वायपर थांबले तर उपाय आपल्यालाच करावा लागतो. सुदैवाने तो बहुधा पाच मिनिटांचा आणि काही रुपयांचा असतो.

१. फ्यूज नेमका कोणाला वाचवतो?

वायपरचा फ्यूज वायपरच्या मोटरला वाचवण्यासाठी असतो, असा सर्वसाधारण समज आहे. खरे तर तो तिथपर्यंत जाणाऱ्या तारेला वाचवतो. मोटर जळाली तर मोटर बदलता येते. तार पेटली तर गाडी पेटते. पुढचे सगळे नियम या एका गोष्टीवरून निघतात, म्हणून तिच्यावर थोडा वेळ घालवू.

गाडीची बॅटरी १२ व्होल्टची. कुठल्याही उपकरणाला किती प्रवाह लागतो ते काढायला एक भागाकार पुरतो: वॅट भागिले व्होल्ट. हेडलाइटच्या साध्या एच-४ बल्बवर ‘६०/५५’ लिहिलेले असते, म्हणजे अप्परला ६० वॅट आणि डिप्परला ५५. साठ भागिले बारा, ५ अँपिअर. दोन्ही बाजूंचे मिळून १०. (इंजिन चालू असताना व्होल्टेज चौदाच्या आसपास जाते, त्यामुळे खरा आकडा थोडा हलतो. आपल्या कामाला हा हिशेब पुरे.)

प्रवाह वाहिला की तार तापते. इथे एक गोष्ट लोक विसरतात: प्रवाह दुप्पट झाला की उष्णता चौपट होते, तिप्पट झाला की नऊपट. १० अँपिअरसाठी घातलेल्या तारेतून ३० अँपिअर जाऊ लागले, तर तिच्यावरचे प्लास्टिक आधी मऊ पडते, मग धुमसते.

एवढा प्रवाह येतो कुठून? गाडीत प्रत्येक उपकरणाला बॅटरीकडून एकच तार जाते. परतीची वाट म्हणजे गाडीचा पत्रा. बॅटरीची निगेटिव्ह बाजू पत्र्याला जोडलेली असते, त्यालाच मेकॅनिक ‘अर्थ’ म्हणतात. आता एखाद्या तारेवरचे प्लास्टिक घासून गेले आणि आतले तांबे पत्र्याला टेकले, की प्रवाहाला उपकरणातून जायची गरजच उरत नाही. तो थेट परततो. हा शॉर्ट. स्टार्टर फिरवताना हीच बॅटरी शंभर-दोनशे अँपिअर सहज देते, त्यामुळे शॉर्ट झालेल्या बारीक तारेचे काय होईल ते वेगळे सांगायला नको.

म्हणून वाटेत मुद्दाम एक कमकुवत जागा ठेवलेली असते. फ्यूजच्या आत जस्ताच्या मिश्रधातूची पट्टी असते, मध्ये निमुळती केलेली. प्रवाह वाढला की ती सर्वांत आधी तापते. शुद्ध जस्त ४२० अंश सेल्सिअसच्या आसपास वितळते, तांबे १०८५ ला. पट्टी वितळली की वाट तुटली.

मात्र फ्यूज काही क्षणात उडतोच असे नाही. नेहमीचा पात्याचा फ्यूज आपल्या आकड्यापेक्षा दहा टक्के जास्त प्रवाह शंभर तासही सोसतो. दुप्पट झाला तर फार तर पाचेक सेकंद. सहापट झाला तर सेकंदाच्या दहाव्या भागात तो गेलेला असतो. हा सोशिकपणा मुद्दाम ठेवलेला आहे: थंड बल्ब लावताच पहिल्या क्षणी नेहमीच्या कितीतरी पट प्रवाह ओढतो, आणि मोटरही जागची हलताना तेच करते. फ्यूज फार नाजूक असता तर दिवा लावला की उडाला असता.

कल्पना जुनी आहे. तारायंत्राच्या स्थानकांना आकाशातल्या विजेपासून वाचवायला मध्ये बारीक तार घालावी, असे फ्रान्समधल्या ब्रेगे यांनी १८४७ मध्ये सुचवले होते, आणि १८९० मध्ये एडिसनने आपल्या वीजवाटपाच्या व्यवस्थेचा भाग म्हणून फ्यूजचे पेटंट घेतले. गाड्यांत पुष्कळ वर्षे काचेच्या नळीतले फ्यूज असत. आज आपण पाहतो तो रंगीत प्लास्टिकचा, दोन पात्यांचा फ्यूज अमेरिकेतल्या लिटलफ्यूज कंपनीने १९७६ मध्ये आणला.

२. आकडा आणि रंग

फ्यूजच्या डोक्यावर आकडा छापलेला असतो, तो अँपिअरचा. रंगही ठरलेले आहेत: ५ फिकट तपकिरी, साडेसात गडद तपकिरी, १० लाल, १५ निळा, २० पिवळा, २५ पांढरा किंवा पारदर्शक, ३० हिरवा. पण रंगावर डोळे मिटून विसंबू नये. बॉनेटखालच्या मोठ्या, मॅक्सी आकाराच्या फ्यूजमध्ये लाल म्हणजे ५० आणि निळा म्हणजे ६०. आधी आकडा वाचावा, मग रंग पाहावा.

आकारही तीन-चार आहेत. नेहमीचा फ्यूज १९ मिलिमीटर रुंद, मिनी ११ च्या आसपास, आणि त्याहून बारके मायक्रो. नवीन गाड्यांत मिनी आणि मायक्रोच जास्त. दुकानात ‘लाल फ्यूज द्या’ म्हणून भागत नाही. आपल्या गाडीतला एक काढून सोबत न्यावा.

३. पेटी कुठे असते?

साधारणपणे दोन ठिकाणी. एक डॅशबोर्डखाली, चालकाच्या गुडघ्याजवळ. दुसरी बॉनेटखाली, बॅटरीच्या शेजारी काळ्या झाकणाची. आतल्या पेटीत बारीकसारीक गोष्टींचे फ्यूज असतात: आतले दिवे, सॉकेट, म्युझिक सिस्टीम. बाहेरच्या पेटीत मोठ्या ओढीचे: रेडिएटरचा पंखा, हेडलाइट, एसी. वायपर कुठल्या पेटीत, हे गाडीगाडीवर अवलंबून आहे. झाकणाच्या आतल्या बाजूला नकाशा असतो, पण त्यातली आद्याक्षरे कोड्यासारखी. मॅन्युअलमध्ये तीच यादी सविस्तर असते. मॅन्युअल बहुतेकांच्या घरी कपाटात असते, म्हणून त्या पानाचा फोटो आजच मोबाइलमध्ये काढून ठेवावा. घाटात रेंज नसली तरी फोटो दिसतो.

पेटीतच बहुधा प्लास्टिकचा छोटा चिमटा खोचलेला असतो, आणि नशीब असेल तर दोन-चार जादा फ्यूज. जुनी गाडी घेतली असेल तर ते आधीच्या मालकाने वापरून टाकलेले असतात, असा अनुभव आहे.

४. तपासायचे कसे?

गाडी रस्त्याच्या कडेला, वळणापासून लांब. चावी बंद, दिवे बंद. हातात कडे किंवा अंगठी असेल तर काढून ठेवावी. बारा व्होल्टचा झटका जाणवतही नाही. धोका वेगळा आहे. बॅटरीच्या पॉझिटिव्हला आणि पत्र्याला एकाच वेळी टेकलेले कडे लाल होईस्तोवर तापते.

मग संशयित फ्यूज चिमट्याने सरळ वर ओढावा. वाकडातिकडा केला तर खालची पकड सैल होते. उजेडात धरून आतली पट्टी पाहावी. अखंड असेल तर चांगला, तुटलेली असेल तर गेलेला. तुटण्याची तऱ्हाही बोलते. मधोमध नीट वितळून छोटी फट पडली असेल, तर प्रवाह थोडाच पण बराच वेळ जास्त होता. आत काळा किंवा चंदेरी शिडकावा दिसला, तर शॉर्ट झाला होता. तिसरी तऱ्हा फसवी: पट्टी शाबूत, पण प्लास्टिक एका पायाशी वितळलेले. अशा वेळी दोष खालच्या सैल पकडीचा असतो. नवा फ्यूज घातला तरी महिन्याभरात तोही तसाच होतो.

डोळ्यांवर भरवसा नसेल तर टेस्ट लॅम्प घ्यावा. तारेला चिमटा, टोकाला सुई आणि मुठीत छोटा दिवा असलेले हे हत्यार कुठल्याही स्पेअर पार्टच्या दुकानात मिळते. चिमटा पत्र्याला लावायचा, चावी चालू करायची. फ्यूजच्या डोक्यावर दोन बारीक छिद्रे असतात, त्यांत धातू उघडा असतो. सुई दोन्हींना आळीपाळीने टेकवायची. दोन्हींकडे दिवा लागला तर फ्यूज चांगला. एकीकडेच लागला तर फ्यूज गेला. कुठेच लागला नाही तर त्या फ्यूजपर्यंत वीजच पोचलेली नाही. चूक आणखी मागे आहे. यात एकही फ्यूज उपटावा लागत नाही, म्हणून मला ही पद्धत सर्वांत आवडते. मल्टिमीटर असेल तर काढलेल्या फ्यूजच्या दोन पायांना टोके लावावीत. बझरवर ठेवलेला मीटर वाजला की फ्यूज ठीक.

५. बदलताना

तोच आकार, तोच आकडा. कमी आकड्याचा घातला तर तो पुन्हा उडेल, इतकेच. जास्त आकड्याचा घातला तर फ्यूज टिकेल आणि तार जळेल. सिगारेटच्या पाकिटातला चंदेरी कागद गुंडाळून फ्यूजच्या जागी खुपसणारे बहाद्दर आपल्याकडे अजून आहेत. त्या कागदाला आकडा नसतो. तो किती अँपिअरला तुटेल हे गुंडाळणाऱ्यालाही माहीत नसते, आणि त्यानंतर गाडीतली सर्वांत कमकुवत जागा कुठे असेल, हे फक्त तार ठरवते.

जादा फ्यूज नसेल तर गाडीतूनच उसना घ्यावा. समजा वायपरचा १५ चा उडाला आहे. सॉकेटचा फ्यूज पुष्कळ गाड्यांत १५ चाच असतो. तो काढून वायपरला लावावा. पावसात मोबाइल चार्ज होण्यापेक्षा काच दिसणे महत्त्वाचे. म्युझिक सिस्टीमचाही चालतो, आकडा जुळला तर. ब्रेक, एबीएस, एअरबॅग, इंजिन यांच्या नावांपुढचे फ्यूज मात्र उसने घेऊ नयेत.

नवा फ्यूज बसवला आणि वायपर फिरले, तर पुढे निघावे. लगेच पुन्हा उडाला तर तिसरा घालू नये. फ्यूज आपले काम करतो आहे. दोष तारेत किंवा मोटरमध्ये आहे.

सॉकेटचे एक सोपे उदाहरण घेऊ. सॉकेटवर ‘१२० वॅट’ लिहिलेले असते, म्हणजे १० अँपिअर. चाकात हवा भरायचा छोटा कॉम्प्रेसर कधी कधी १५ अँपिअरपर्यंत ओढतो. तिथे १० चाच फ्यूज असेल आणि तो उडाला, तर त्यात नवल नाही. दुसरे कारण त्याहून मजेशीर: सॉकेटमध्ये पडलेले नाणे.

६. रिले म्हणजे काय?

फ्यूज चांगला आहे, पण हॉर्न वाजत नाही. आता रिलेकडे वळावे लागते.

शेतातल्या पंपाचा स्टार्टर आठवा. हिरवे बटण बोटाने दाबतो, आतून खट्ट आवाज येतो आणि पाच अश्वशक्तीची मोटर फिरू लागते. मोटरची वीज त्या बटणातून जात नाही. बटण फक्त आतल्या चुंबकाला जागे करते, आणि चुंबक जाड पट्ट्या एकमेकींना चिकटवतो. गाडीतला रिले हेच काम करतो, फक्त काड्यापेटीहूनही लहान डबीत.

त्याची गरज का पडली, ते हिशेबावरून कळते. रिलेच्या आतल्या वेटोळ्याचा रोध साधारण ८० ओहम असतो. बारा भागिले ऐंशी, ०.१५ अँपिअर. एवढ्याशा प्रवाहावर चुंबक तयार होतो आणि ३० अँपिअरची वाट उघडतो, दोनशेपट. स्टिअरिंगवरच्या नाजूक बटणातून हॉर्नचा पूर्ण प्रवाह न्यायचा तर बटणही जाड हवे आणि बॅटरीपासून स्टिअरिंगपर्यंतची तारही. रिले हॉर्नजवळ बसवला की जाड तार आखूड राहते आणि बटणापर्यंत बारीक तार पुरते.

घाटात धुके असते म्हणून पुष्कळजण हेडलाइटला ६०/५५ ऐवजी १००/९० वॅटचे बल्ब घालतात. शंभर भागिले बारा, ८.३, दोन्हींचे मिळून साडेसोळा अँपिअरहून जास्त. तार आणि स्विच मात्र दहाच्या हिशेबाने केलेले. आधी स्विचचे प्लास्टिक पिवळे पडते, मग वितळते. रिलेसह वेगळी जाड तार ओढली तर स्विच वाचतो, पण समोरून येणाऱ्याच्या डोळ्यांचे काय, हा प्रश्न उरतोच. त्यात धुक्यात अप्परचा झोत आपल्याच डोळ्यांवर परततो. खाली रोखलेले फॉगलॅम्प, वेगळ्या फ्यूजने आणि रिलेने जोडलेले, हा त्यावरचा शहाणा उपाय.

७. रिले तपासणे

रिलेच्या पायांपाशी आकडे लिहिलेले असतात, आणि ते बहुतेक कंपन्यांच्या गाड्यांत सारखेच. ८५ आणि ८६ वेटोळ्याचे. ३० वर बॅटरीकडून वीज येते, ८७ वरून ती उपकरणाकडे जाते. पाचवा पाय असेल तर तो ८७ए. रिले झोपलेला असताना ३० ची वाट तिकडे जोडलेली असते.

पहिली तपासणी कानाने आणि बोटाने. एकजण हॉर्न दाबेल, दुसरा रिलेवर बोट ठेवेल. ‘टक्’ जाणवले तर वेटोळे जिवंत आहे. टक् नसेल तर एकतर रिले गेला, नाहीतर बटणाकडून इशाराच येत नाही. टक् असूनही हॉर्न मुका असेल, तर आतल्या पट्ट्या जळून काळ्या पडल्या असाव्यात, किंवा हॉर्नच गेला असावा.

दुसरी तपासणी अदलाबदलीची. त्याच पेटीत बहुधा अगदी तसाच दुसरा रिले असतो. डबीवर छापलेला नंबर आणि पायांची मांडणी तंतोतंत जुळत असेल तरच अदलाबदल करावी. बाहेरून सारखे दिसणारे रिले आतून वेगळे असू शकतात. हॉर्न वाजू लागला आणि ज्याचा रिले घेतला ते बंद पडले, की चोर सापडला.

रिले उलट्या तऱ्हेनेही बिघडतो. पट्ट्या एकमेकींना चिकटून बसतात आणि चावी काढली तरी उपकरण चालूच राहते. रेडिएटरचा पंखा इंजिन बंद केल्यावर काही मिनिटे फिरणे पुष्कळ गाड्यांत ठरवूनच केलेले असते. पण चहा पिऊन आलात तरी तो फिरतोच आहे, तर रिले काढून घ्यावा, नाहीतर सकाळपर्यंत बॅटरी रिकामी. पुन्हा निघण्यापूर्वी तो जागेवर ठेवायला विसरू नये. पंख्याविना घाट चढणे इंजिनाला महागात पडते.

इंडिकेटरची टिकटिक हाही पूर्वी रिलेचाच आवाज. एक बल्ब गेला की ती घाईघाईने होऊ लागते, म्हणजे गाडी सांगते की बल्ब बदला. जुन्या गाडीत साध्या बल्बऐवजी एलईडी घातले तरी तेच होते, कारण एलईडी इतका कमी प्रवाह घेतो की रिलेला बल्ब गेल्यासारखाच वाटतो. नव्या गाड्यांत तो आवाज बहुधा स्पीकरमधून काढलेला, नकली असतो.

८. पाऊस, पाने आणि उंदीर

जोयड्याच्या जंगलात वायपरचा फ्यूज उडण्याचे एक कारण अगदी स्थानिक आहे. गाडी रात्रभर झाडाखाली उभी राहते. काचेच्या खालच्या खाचेत पाने, काटक्या, चिखल साचतो. सकाळी वायपर लावले की हात त्या राड्यात अडकतात. मोटर फिरू पाहते, फिरू शकत नाही, आणि अडकलेली मोटर नेहमीपेक्षा कितीतरी जास्त प्रवाह ओढते. फ्यूज जातो. नवा घालण्याआधी खाच साफ केली नाही तर तोही जाईल. दांडेली-गणेशगुडीला राफ्टिंगसाठी किंवा उळवीच्या जत्रेला आलेल्या गाडीवाल्यांनी निघताना काचेखाली हात फिरवावा.

दमटपणा सावकाश घात करतो. बॉनेटखालच्या पेटीचे झाकण नीट बसलेले नसेल तर पाणी शिरते आणि फ्यूजच्या पायांवर हिरवट-पांढरी बुरशीसारखी पूड चढते. पट्टी शाबूत, मीटरही वाजतो, पण उपकरण कधी चालते, कधी नाही. फ्यूज काढून पाय बारीक पॉलिश पेपरने घासावेत, खाचेत कॉन्टॅक्ट क्लीनरचा फवारा मारावा. झाकणाचे रबर फाटले असेल तर आधी ते बदलावे. गाडी धुताना तिथे प्रेशरचे पाणी मारू देऊ नये.

उंदरांचे काय सांगावे! इंजिनाची ऊब त्यांना आवडते, आणि पावसाळ्यात आवडण्यासारखी दुसरी कोरडी जागा नसते. ते तारेवरचे प्लास्टिक कुरतडतात, तांबे उघडे पडते आणि पत्र्याला टेकते. एकच फ्यूज पुन्हा पुन्हा उडत असेल आणि खड्ड्यात गाडी आदळली की नेमका उडत असेल, तर बॉनेट उघडून गवत, लेंड्या, कुरतडलेल्या तारा शोधाव्यात. कुरतडलेली तार चिकटपट्टी गुंडाळून गावापर्यंत नेता येते. पुढे ती बदलावीच.

अनमोड घाटातून गोव्याला जाणाऱ्यांनी रामनगर सोडण्यापूर्वी, आणि कारवारकडे उतरणाऱ्यांनी जोयडा सोडण्यापूर्वी, गाडीत आपल्या आकाराचे १०, १५ आणि २० चे दोन-दोन फ्यूज, एक टेस्ट लॅम्प आणि टॉर्च असल्याची खात्री करावी.

९. कुठे हात घालू नये

बॅटरीजवळ नट-बोल्टने घट्ट बसवलेले ६०, ८०, १०० अँपिअरचे मुख्य फ्यूज असतात. ते उडाले तर कारण मोठे असते, आणि पाना घसरून पत्र्याला टेकला तर ठिणग्यांचा पाऊस. ते मेकॅनिकवर सोडावेत. एअरबॅगच्या तारांचे जोड बहुधा पिवळे असतात. तिथे टेस्ट लॅम्प लावणेही धोक्याचे. इलेक्ट्रिक गाडीतही दिवे, वायपर, हॉर्न यांच्यासाठी वेगळी १२ व्होल्टची बॅटरी आणि हेच रंगीत फ्यूज असतात, ते आपण बदलू शकतो. जाड नारिंगी तारा मात्र शेकडो व्होल्टच्या. त्यांच्या वाटेवरचे झाकण उघडायचेही नाही; कंपनीच्या हेल्पलाइनला फोन करायचा, आणि त्यासाठी रेंज मिळेपर्यंत चालत जायचे.